पट्टी जोडणारे हात
कै. सरस्वतीबाई फाळके व आपल्याकडील अनुबोधपटाचे पहिले संकलन

आपल्या ज्ञातीच्या वार्षिक स्मरणिकेसाठी यंदा संपादक मंडळाने मजकडे एखाद्या उपेक्षित व्यक्तीवर ऐतिहासिक लेख मागितला. मी नाव सुचविले, तेव्हा मंडळातील एका वडीलधाऱ्या सभासदांनी साहजिकच विचारले की, ही बाई आपल्या ज्ञातीची नव्हे, खारबावची नव्हे, भिवंडी तालुक्याशीही तिचा काही संबंध नाही. मग आपल्या स्मरणिकेची पाने तिच्यासाठी का खर्चावीत? प्रश्न रास्त होता. त्याचे उत्तर देण्यासाठी मला प्रथम एका पत्र्याच्या डब्याची हकीकत सांगितली पाहिजे.

दोन वर्षांपूर्वी मंडळाच्या जुन्या कागदपत्रांची जुळवाजुळव चालली असता खारबावातील एका घराच्या माळ्यावर, पितळी भांडी व जुनी पंचांगे यांच्याखाली, ८ मिलिमीटरच्या चित्रपट्टीचे एक चक्र सापडले. साठएक वर्षांपूर्वीच्या ज्ञातिसंमेलनाचे ते चलच्चित्र होते. मी ते खिडकीच्या उजेडासमोर धरून हलक्या हाताने उलगडले. पट्टी सुमारे दोनशे फूट होती. त्या काळी घरगुती कॅमेऱ्यात घातलेले एक चक्र धुऊन आले म्हणजे पन्नास फूट होत असे व ते चार मिनिटांत संपे. अशी चार चक्रे नुसती एकापुढे एक लावली असती तर तीन सांधे पुरले असते. मी मोजले, सांधे अकरा होते. अर्थात कोणीतरी त्या पट्टीचे तुकडे केले होते, काही टाकले होते, काहींची जागा बदलली होती. घरातील वृद्ध गृहस्थांना विचारले तेव्हा ते सहज म्हणाले, "कॅमेरा काकांचा. पण तुकडे कापून जोडायच्या त्या काकू. काकांना ते किचकट काम कधी जमलं नाही." त्या वर्षीच्या स्मरणिकेत आभाराची ओळ आहे ती एकट्या काकांच्या नावाची.

ही हकीकत कानी पडताच मला सरस्वतीबाई फाळके आठवल्या, व हा लेख त्यातून निघाला.

संकलन म्हणजे काय, हे आपल्या भागातील वाचकांस समजावणे कठीण नाही. भिवंडीच्या मागावर ज्यांनी उमेदीची वर्षे काढली ते जाणतात की, धागा तुटला की माग थांबवावा लागतो, दोन टोके जुळवून गाठ मारावी लागते, आणि गाठ अशी मारावी लागते की कापड पाहणाऱ्यास ती दिसू नये. चित्रपट्टीच्या संकलकाचे निम्मे काम ह्याच जातीचे आहे. उरलेले निम्मे मात्र निराळे. कोणता धागा कोणत्या धाग्यास जोडावयाचा, हे विणकरास ताण्याने ठरवून दिलेले असते; संकलकास ते स्वतः ठरवावे लागते. कथापटात त्याच्या हाताशी निदान पटकथा असते. अनुबोधपटात घडून गेलेल्या गोष्टींचे सुटे तुकडे पुढ्यात येऊन पडतात, आणि त्यांतील आधी काय व मागून काय, हे ठरविणारा मनुष्य एका अर्थी इतिहासलेखकाचेच काम करीत असतो. मिरवणूक दाखवून मग पाऊस दाखविला तर मिरवणुकीवर पाऊस पडला असे दिसते; पाऊस दाखवून मग मिरवणूक दाखविली तर पावसाला न जुमानता लोक निघाले असे दिसते. तुकडे तेच असतात.

चित्रांच्या क्रमातून गोष्ट सांगण्याची ही कला आपल्याकडे कॅमेऱ्याच्याही आधीची आहे, आणि तिचे एक ठिकाण आपल्या अगदी जवळचे आहे. आपल्या खाडीच्या काठाने वर गेले की कल्याण लागते. तेथील महादेव पटवर्धन ह्यांनी १८९० नंतरच्या काही वर्षांत 'शांबरिक खरोलिका' ह्या नावाने जादूच्या दिव्याचे खेळ सुरू केले. काचेवर हाताने रंगविलेली चित्रे दिव्यापुढे सरकवून पडद्यावर पाडावयाची व त्यांच्या संगतीने पुराणातील कथा सांगावयाची, असा तो खेळ. काच केव्हा बदलावयाची हे ज्याला कळे, त्याच्या हाती प्रेक्षकांचा श्वास असे.

त्यानंतर आले सावेदादा, म्हणजे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर. मुंबईत वॉटसन हॉटेलात ७ जुलै १८९६ रोजी ल्युमिएर बंधूंच्या चलच्चित्रांचा पहिला खेळ झाला, आणि छायाचित्रांचा व्यवसाय करणाऱ्या भाटवडेकरांनी विलायतेहून कॅमेरा मागविला. १८९९ मध्ये त्यांनी हँगिंग गार्डनमधील कुस्तीचे चित्रण केले. १९०१ च्या डिसेंबरात रँग्लर परांजपे केंब्रिजहून परतले तेव्हा त्यांच्या स्वागताचे केले. भारतीय माणसाने घेतलेली ही आरंभीची वास्तवचित्रे होत आणि अनुबोधपटाचा इतिहास येथून सुरू करण्याची रीत आहे. ती योग्यच आहे. मात्र त्यांत संकलन असे नव्हते. कॅमेरा एका जागी उभा, पट्टी चालू केली, संपली की प्रसंग संपला. कुस्तीची पट्टी तर धुण्यासाठी लंडनला पाठवावी लागली होती. सावेदादांच्या हाती डोळा होता, कात्री नव्हती.

ती कात्री ज्या घरात प्रथम नीट चालली ते दादरचे. धुंडिराज गोविंद फाळके ह्यांचे चरित्र वाचकांस परिचित आहे. त्र्यंबकेश्वरी १८७० मध्ये जन्म, मुंबईचे जे. जे. कलाविद्यालय, बडोद्याचे कलाभवन, गोध्र्यास छायाचित्रांचा व्यवसाय व तेथेच प्लेगने नेलेली पहिली पत्नी आणि मूल, पुढे लोणावळे व दादर येथील छापखाना, भागीदारांशी बिघाड. सरस्वतीबाई ह्या त्यांच्या दुसऱ्या पत्नी. १९०२ साली त्या ह्या घरात आल्या. १९११ च्या एप्रिलात गिरगावात ख्रिस्तचरित्राचा चित्रपट पाहून फाळके भारावले आणि पुन्हा तो पाहावयास पत्नीस घेऊन गेले, ही कथा शाळकरी मुलांनाही ठाऊक असते. त्या कथेत पत्नी प्रेक्षक म्हणून येते आणि नंतर दागिने काढून देणारी साध्वी म्हणून येते. दागिने त्यांनी दिले हे खरेच. पण मला वाटते की, आपल्या चरित्रकारांची लेखणी स्त्रीच्या दागिन्यांपाशी फार लवकर थबकते. दागिने एकदा देऊन होतात. बाईंनी जे दिले ते वर्षानुवर्षे, रात्रीच्या रात्री द्यावे लागणारे होते.

फेब्रुवारी १९१२ मध्ये फाळके लंडनला गेले. विम्याच्या पॉलिसी तारण ठेवून त्यांनी प्रवासाचे कर्ज उभे केले होते. तेथे 'बायोस्कोप' साप्ताहिकाचे संपादक कॅबर्न ह्यांनी त्यांस वाट दाखविली आणि सेसिल हेपवर्थ ह्यांच्या चित्रशाळेत त्यांनी काम पाहिले. परत येताना विल्यमसन कॅमेरा आणला आणि त्याबरोबर पट्टीच्या कडांना छिद्रे पाडण्याचे यंत्रही. ह्या यंत्राचा विचार वाचकांनी क्षणभर करावा, कारण सरस्वतीबाईंचे चित्रपटातील काम तेथून सुरू होते. कोरी पट्टी छिद्रांवाचून येत असे, व छिद्रे नसली तर कॅमेऱ्याचे दाते तिला पुढे ओढू शकत नाहीत. पट्टीवर उजेडाचा कवडसा पडला की ती वाया. म्हणून हे काम रात्री, अंधारात, केवळ बोटांच्या स्पर्शावर करावयाचे. दिवसा साठएक माणसांचा स्वयंपाक, उन्हात पांढऱ्या चादरी धरून नटांच्या चेहऱ्यावर उजेड पाडणे, आणि मुले निजल्यावर हे.

त्या श्रमाचे माप काढता येते. पट्टीच्या एका फुटात सोळा चित्रे बसतात आणि दर चित्रास दोन्ही कडांना चार-चार छिद्रे लागतात. 'राजा हरिश्चंद्र' हा चित्रपट ३,७०० फुटांचा होता. म्हणजे ५९,२०० चित्रे झाली व ४,७३,६०० छिद्रे झाली. ही केवळ दाखविलेल्या लांबीची गोष्ट. टाकून दिलेले चित्रण निराळे, आणि पडद्यावर दाखवावयाची प्रत मूळ पट्टीहून वेगळी असल्यामुळे तिची छिद्रे पुन्हा वेगळी. यंत्र एका दाबात अनेक छिद्रे पाडीत असले तरी पट्टी सरळ सरकते की नाही हे अंधारात ओळखावयाचे हातांनीच. छिद्र केसभर हुकले तर पडद्यावर चित्र थरथरते.

परंतु हरिश्चंद्राच्या आधी एक लहानशी पट्टी तयार झाली, व ह्या लेखाच्या दृष्टीने तीच अधिक महत्त्वाची. कर्ज देणाऱ्यांस विद्या दाखविल्याखेरीज पैसा मिळण्याजोगा नव्हता, म्हणून फाळक्यांनी कुंडीत वाटाणा पेरला व त्याच्या वाढीचे चित्रण केले. 'अंकुराची वाढ' ह्या नावाने ते प्रसिद्ध आहे. महिन्याभराची वाढ पडद्यावर मिनिटभरात दिसे; जमिनीतून कोंब वर आला, पाने फुटली, वेल चढली. तीत नट नाही, कथा नाही, जे घडले तेच आहे. आपल्याकडील शास्त्रीय अनुबोधपटाचा आरंभ तिला म्हणावयास हरकत नसावी.

ह्या पट्टीविषयी सर्वत्र असे लिहिलेले आढळते की, फाळके रोज एकच चित्र घेत. मला हा हिशेब पटत नाही. त्या काळी सेकंदास सोळा चित्रे ह्या सुमाराच्या गतीने पट्टी फिरवीत. रोज एक चित्र घेतले तर महिन्याची तीस चित्रे दोन सेकंदांत संपतील. प्रेक्षकास पापणी लववण्यास तरी वेळ मिळेल काय? मिनिटभराचा खेळ व्हावयाचा तर साडेनऊशेच्या वर चित्रे हवीत, म्हणजे दिवसास तीसएक. तेव्हा अहोरात्र ठराविक अंतराने, रात्री दिव्याच्या उजेडात, कोणीतरी त्या कुंडीपाशी जात असले पाहिजे. त्या घरात माणसे मोजकी होती. कॅमेऱ्याशी फाळके होते ह्यात शंका नाही, पण वेळापत्रक पाळणाऱ्या त्या महिन्यात घरातील दुसरे मोठे माणूस नुसते पाहत बसले असेल, हे संभवत नाही. हा माझा तर्क आहे व वाचकांनी तो तर्क म्हणूनच घ्यावा.

आता प्रत्यक्ष जोडकाम. फाळक्यांनी पत्नीस पट्टी धुण्याची रसायने मिसळण्यास शिकविले, पट्टी धुण्यास शिकविले आणि तुकडे जुळवून सांधण्यासही शिकविले. ह्यामुळेच त्यांचा उल्लेख आज अनेक जण भारतातील पहिल्या चित्रपट-संकलक असा करतात. पहिल्या-दुसऱ्याचा वाद मला फारसा मोलाचा वाटत नाही. काम कसे होते ते पाहणे अधिक बरे. संकलकाच्या मेजावर ठेवून चित्रे चालती पाहण्याचे 'मुव्हिओला' नावाचे यंत्र अमेरिकेत निघाले ते १९२४ मध्ये. त्यापूर्वी पट्टी उजेडापुढे धरावयाची, टपाल-तिकिटाहूनही लहान चित्रांतून हाताची, मानेची हालचाल कोठे सुरू होते व कोठे संपते ते नजरेने हेरावयाचे, आणि तेथे कात्री लावावयाची. एका तुकड्याच्या टोकाचा चित्रथर पात्याने खरवडावयाचा, त्यावर द्रावणाचे बोट फिरवावयाचे, दुसरा तुकडा छिद्रावर छिद्र येईल असा बसवून दाबून धरावयाचा. मग यंत्रावर चढवून पडद्यावर पाहावयाचे. चुकले तर सांधा तोडून पुन्हा. दर वेळी चित्र-दोन चित्रे खर्ची पडतात, म्हणून चुकण्यासही मर्यादा असे. आणि ती पट्टी नायट्रेटची, म्हणजे ठिणगी लागताच पेटणारी. चुलीच्या घरात ती बाळगणे म्हणजे काय ते गृहिणीस सांगावयास नको.

३ मे १९१३ रोजी कॉरोनेशन चित्रगृहात 'राजा हरिश्चंद्र' लागला. पुढे कुटुंब व कारखाना नाशिकास गेला. १९१४ च्या सुमारास फाळक्यांनी मोठ्या पौराणिक चित्रपटांबरोबर अनेक लहान पट्ट्या काढल्या, त्यांत नाशिक-त्र्यंबकचे देखावे होते, गणेशोत्सव होता, तळेगावचा काच कारखाना होता. तळेगावचा हा कारखाना लोकांनी पैसा-पैसा जमवून, पैसा फंडातून उभारलेला, स्वदेशीचे अभिमानस्थान. अशा पट्टीत संकलकाची खरी परीक्षा असते, कारण भट्टी, फुंकणी, साचा हा क्रम चुकला तर काच कशी होते हे प्रेक्षकास कळत नाही. पौराणिक कथेत क्रम चुकला तर तो प्रेक्षक मनातल्या मनात सुधारून घेतो. पुढे 'चित्रपट कसे तयार करतात' ही पट्टी निघाली. तिचा शिल्लक राहिलेला तुकडा आज पाहावयास मिळतो. त्यात फाळके नटांना सूचना देताना व काम करताना दिसतात. चित्रपट कसा होतो हे सांगणारा तो आपल्याकडील पहिला अनुबोधपट म्हणता येईल.

ह्याच संदर्भात दूर देशातील एक जोडपे आठवते. सोविएत रशियात झिगा व्हेर्तोव्ह नावाचा अनुबोधपटकार होऊन गेला. त्याची पत्नी एलिझावेता स्विलोवा ही त्याची संकलक. १९२९ च्या 'मूव्ही कॅमेरा घेतलेला माणूस' ह्या चित्रपटात ती स्वतः दिसते. पट्ट्यांच्या भेंडोळ्यांमध्ये बसून ती कात्री चालविते आणि तिच्या हातून सुटलेले स्थिर चित्र पुढच्याच क्षणी पडद्यावर हलू लागते. त्याच देशात एस्फिर शूब ह्या बाईने १९२७ साली जुन्या बातमीपटांचे तुकडे शोधून, एकही नवा प्रसंग न रचता, झारशाहीच्या पतनाचा सबंध इतिहास पडद्यावर मांडला. ह्या दोघींची नावे जगातील चित्रपटविद्यालयांत शिकविली जातात. सरस्वतीबाईंनी कात्री हाती धरली ती ह्या दोन्ही चित्रपटांच्या कितीतरी आधी. परंतु त्यांचे नाव सामान्य मराठी माणसास पुन्हा नीट कळावयास 'हरिश्चंद्राची फॅक्टरी' हा परेश मोकाशींचा २००९ चा चित्रपट यावा लागला.

१९१८ मध्ये हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी उभी राहिली, भांडवलदार भागीदार आले, खाती पडली, पगारी माणसे आली. घरातला कारखाना संपला. तोट्याचा व नफ्याचा हिशेब मांडणारे ह्या बदलाविषयी पुष्कळ लिहितात. मला त्यात एवढेच दिसते की, जेव्हा काम पगारी झाले तेव्हा त्यास पदनाम मिळाले, आणि ज्या हातांनी ते बिनपगारी केले त्यांचे पदनाम कोणी लिहिलेच नाही. दादासाहेब १६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशिकास वारले. १९६९ पासून त्यांच्या नावाने राष्ट्रीय पुरस्कार दिला जातो.

पट्ट्यांचे काय झाले, तेही थोडक्यात सांगितले पाहिजे. पुण्यास १९६४ मध्ये राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय निघाले. त्याचे शिल्पकार पी. के. नायर ह्यांनी फाळक्यांच्या कुटुंबीयांकडून जे हाती लागले ते जपले. 'राजा हरिश्चंद्र'ची चारांपैकी पहिली व शेवटची अशी दोनच रिळे राहिली आहेत, आणि तीही मूळची नसून १९१७ च्या दुसऱ्या आवृत्तीची असावीत असे जाणकार मानतात. ८ जानेवारी २००३ रोजी पुण्यात लागलेल्या आगीत संग्रहालयाच्या नायट्रेट पट्ट्यांचा मोठा साठा भस्मसात झाला.

स्वातंत्र्यानंतर १९४८ मध्ये भारत सरकारचा फिल्म्स डिव्हिजन हा विभाग मुंबईस स्थापन झाला, व संकलक ही अनुबोधपटातील नियमित नोकरी झाली. आपल्या पिढीस ते काम पाहिलेले आठवते, नाव आठवत नाही. भिवंडीस चित्रपट पाहावयास गेले की मुख्य खेळाआधी समाचारचित्र लागे. धरण, पूर, पंतप्रधान, शेवटी क्रिकेट. आम्ही मुले तेवढा वेळ शेंगदाणे सोलण्यात घालवीत असू. देशाच्या कानाकोपऱ्यांतून आलेले तुकडे दर आठवड्यास ठरल्या वारी जोडून पुरे करणारी माणसे पेडर रोडवर बसत होती, हे कोणास माहीत होते? २०२२ मध्ये तो विभाग राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाला.

आता पुन्हा आमच्या डब्याकडे. त्या ८ मिलिमीटरच्या पट्टीस आंबूस वास येऊ लागला होता. जुन्या ॲसिटेट पट्ट्या सडू लागल्या की असा वास येतो, व एकीचा संसर्ग शेजारच्या पट्टीसही होतो. ज्या ज्ञातिबांधवांच्या घरी असे डबे असतील त्यांनी ते माळ्यावरील उष्णतेतून काढून कोरड्या व थंड जागी, प्लॅस्टिकच्या पिशवीत घट्ट न गुंडाळता ठेवावेत, आणि हौसेने जुन्या यंत्रावर चढवून पाहण्याचा मोह आवरावा. आमच्याकडून एक चूक झालीच. उलगडताना अकरांपैकी दोन सांधे सुटले. द्रावण वाळून त्यांचा कोळसा झाला होता. त्यामुळे एक तुकडा अधांतरी राहिला आहे. त्यात पंगत वाढणाऱ्या स्त्रिया आहेत व एक लहान मुलगी कॅमेऱ्याकडे पाहून हसते आहे. तो अध्यक्षांच्या भाषणाच्या आधी होता की नंतर, हे आम्ही त्या वेळी टिपून ठेवले नाही, आणि काकू आता हयात नाहीत.

डब्यावरील चिठ्ठीवर मंडळाने चित्रणकार म्हणून काकांचे व संकलक म्हणून काकूंचे, अशी दोन्ही नावे लिहिली आहेत. त्या संमेलनास जे उपस्थित होते व ज्यांना त्या दिवशीचा कार्यक्रम आठवतो, त्यांनी पंगत भाषणापूर्वी बसली होती की भाषणानंतर, एवढे मंडळाच्या कार्यालयात कृपया कळवावे.